ईस्टरनंतरची साक्ष

१ जानेवारी २०२५, बुधवार

नव्या वर्षाच्या उपासनेनंतर सुनंदाबाईंनी महिला मंडळातल्या सगळ्यांना एकेक डायरी वाटली. सुनंदाबाई म्हणजे आमच्या चर्चच्या पाळकसाहेबांच्या पत्नी. म्हणाल्या, "रोज चार ओळी लिहा. 'हे प्रभू' म्हणून सुरुवात करा आणि मनातलं बोला. कुणी तपासणार नाही." मागच्या बाकावरून ताईबाईंनी विचारलं, "बाई, माझं अक्षर देवाला लागेल का?" सगळ्या हसल्या. सुनंदाबाईसुद्धा.

'हे प्रभू' लिहायला मला जमणार नाही, हे आधीच सांगून ठेवते. कुणाला सांगतेय कोण जाणे. मी कामिनी, वय चोवीस, बी.कॉम. नशिराबादच्या अलीकडे एका जिनिंगमध्ये काट्यावर बसते, कापसाच्या गाड्यांची वजनं घेते. पप्पा नाहीत. आई, नर्मदाबाई, चर्चची झाडलोट बघते, म्हणून कंपाउंडातल्या दोन खोल्या आम्हाला राहायला आहेत. आणि माझा बाप्तिस्मा अजून झालेला नाही.

आमच्या मंडळीत, म्हणजे चर्चच्या लोकांत, बाप्तिस्मा मोठेपणी, समजून घेतात. त्याआधी सगळ्यांसमोर उभं राहून साक्ष द्यावी लागते, म्हणजे देवानं आपल्यासाठी काय केलं ते सांगायचं. साक्षीचा एक साचा ठरलेला आहे. आधी मी वाईट मार्गाला होतो, मग कावीळ झाली, डॉक्टरांनी हात टेकले, मग प्रार्थना. मला कावीळ झालेली नाही. वाईट मार्ग म्हणाल तर कॉलेजात असताना दोनदा सिनेमाला गेले. एवढ्यावर कसली साक्ष देणार? आई दर ईस्टरला माझ्या तोंडाकडे बघते आणि मी खिडकीबाहेर बघते.

५ जानेवारी, रविवार

आज वर्गणीवरून चर्चच्या पंचांच्या सभेत वाजलं. अमृतकाकांनी मिटवलं. ते मंडळीचे सेक्रेटरी आणि आमच्या जिनिंगचे मॅनेजर. पप्पा गेल्यावर आम्हाला क्वार्टर त्यांनीच मिळवून दिलं, मला काट्यावर त्यांनीच लावलं. तापट माणूस, पण कुणाच्या घरी मयत झाली की सगळ्यात आधी पोचणार. मला ते आवडतात, हे लिहून ठेवते.

१० जानेवारी, शुक्रवार

जिनिंगमधल्या दिपमालाचा हात गेला.

काट्याच्या खिडकीतून रेच्यांची शेड समोरच दिसते. रेचा म्हणजे सरकी वेगळी काढायचं यंत्र. त्याच्या पट्ट्यावर लोखंडी जाळी असते. सकाळपासून जाळीत कापूस अडकून रेचा बंद पडत होता आणि बाहेर गाड्यांची रांग लागली होती. अमृतकाका शेडच्या दारात येऊन म्हणाले, "काढा ती जाळी, संध्याकाळी बसवू." फिटरनं काढली. मी ऐकलं आणि पाहिलं. दुपारी दिपमाला कापूस लोटायला वाकली, डोक्याचा रुमाल पट्ट्यात ओढला गेला, तो सोडवायला तिनं हात घातला.

पुढचं लिहवत नाही. आवाज अजून कानात आहे.

११ जानेवारी, शनिवार

सकाळी गेले तर जाळी जागेवर होती. बोल्ट नवे. दुपारी सरकारी साहेब पाहणीला आले. अमृतकाका त्यांना म्हणाले, "बाईनं स्वतःच जाळी उचलली असणार, दुसरं काय?" माझ्याकडे त्यांनी पाहिलंही नाही आणि साहेबांनी मला काही विचारलं नाही. कुणी विचारलं नाही तर आपण होऊन बोलायचं असतं का? मी वजनं घेत बसले.

१९ जानेवारी, रविवार

उपासना चुकवून सिव्हिलमध्ये गेले. आईला डोकं दुखतंय म्हणून सांगितलं.

दिपमाला असोद्याची, माझ्याच वयाची. उजवा हात कोपराच्या वरून कापलाय. तिची सासू भिकुबाई शेजारी बसून तिला चमच्यानं वरण भरवत होती. मला बघून दिपमाला म्हणाली, "ते म्हनतात मी जाळी काढली. मले तं तो बोल्टबी फिरवता येत नाही वं. तुले दिसत व्हतं ना तिकडून?"

मी म्हटलं, "दिसत होतं."

"मंग सांगशीन?"

मी पाण्याची बाटली भरून आणते म्हणाले आणि बाहेर नळाशी जाऊन रडले. तू म्हणे सगळीकडे असतोस. तिथे होतास ना? मग तूच का नाही जाळी धरून ठेवलीस?

१६ फेब्रुवारी, रविवार

बरेच दिवस लिहिलं नाही. लिहायला बसलं की शेडच दिसते.

दिपमालाच्या नवऱ्यानं, ज्ञानेश्वरनं, वकील केलाय. शिल्पाताई नाव. आज त्या मला बसस्टँडजवळ रसवंतीत भेटल्या. बारीक चणीची, भराभर बोलणारी बाई. म्हणाल्या, "भरपाईचा दावा कामगार न्यायालयात लावलाय. जाळी कुणी काढली, एवढाच प्रश्न आहे. फिटर सुरतला निघून गेला. बाकीच्या बायका हंगामाला येणाऱ्या, त्या बोलणार नाहीत, आणि मी त्यांना दोष देत नाही. तुम्ही पाहिलंय म्हणे."

मी विचार करून सांगते म्हटलं. त्या म्हणाल्या, "करा. पण दिपमालानं डाव्या हातानं कंगवा धरायला शिकायला घेतलंय, तेही एकदा जाऊन बघा." हे बोलणं मला लागलं. वकील आहेत, लागावं म्हणूनच बोलल्या असतील.

२३ मार्च, रविवार

आज जे झालं त्यावर हसावं की रडावं कळत नाही.

दुपारी शिल्पाताईंचा फोन. तारीख लवकर लागली, त्यांनाच आश्चर्य वाटत होतं. बावीस एप्रिल. "हो की नाही, आज सांगा." आई मागच्या ओट्यावर भांडी घासत होती. मी म्हटलं, "हो ताई. देते साक्ष. ईस्टरनंतर ना? देते." माझा आवाज कापत होता. हो म्हणायचं मी ठरवलं नव्हतं, तोंडातून निघून गेलं.

मागे वळले तर आई ओल्या हातांनी दारात उभी आणि डोळ्यांतून धार. "मनी पोर साक्ष देवाले तयार व्हयनी," म्हणाली आणि तशीच पदराला हात पुसत सुनंदाबाईंकडे गेली. मी हाक मारली, पण ती एवढी भराभर चालताना मी पप्पा गेल्यापासून पाहिली नव्हती. अर्ध्या तासात सुनंदाबाई लाडूचा डबा घेऊन हजर. "ईस्टरनंतर कशाला, ईस्टरलाच देऊन टाक. पाळकसाहेबांनी नाव घेतलंसुद्धा."

मला तेव्हाच सांगता आलं असतं. आईचा चेहरा बघून जीभ उचलली नाही.

१३ एप्रिल, झावळ्यांचा रविवार

मंडळीतला प्रत्येक जण हात हातात घेऊन सलाम करतो आणि म्हणतो, "अखेर तुझी साक्ष ऐकायला मिळणार." अमृतकाकांनी तर डोक्यावर हात ठेवला. म्हणाले, "तुझे पप्पा असते तर आज सगळ्या कंपाउंडाला जेवण घातलं असतं. मी घालतो." खरंच घालतील. मी घरात येऊन मिरवणुकीतली झावळी कोपऱ्यात टाकली आणि दार लावून बसले. माणूस एकदम वाईट असता तर किती सोपं झालं असतं.

१५ एप्रिल, मंगळवार

कळलं त्यांना. साक्षीदारांची नावं मालकाच्या वकिलाकडे गेली.

संध्याकाळी अमृतकाका घरी आले. आईनं खुर्ची पुसून दिली, चहा ठेवला. ते माझ्याशीच बोलले, अगदी हळू. "बेटा, साक्ष देवाची द्यायची असते. आपल्याच माणसाच्या विरोधात देतात का?"

मी म्हटलं, "काका, जाळी तुम्ही काढायला लावली."

"गाड्या खोळंबल्या होत्या. माल भिजला, सडला तर मालक मला उभा चिरतो. मी काय मुद्दाम केलं?" मग खोलीभर नजर फिरवून, "नर्मदाबाईंना हे क्वार्टर मीच दिलं. ते मी बोलून दाखवत नाही." बोलून दाखवत नाही, असं म्हणून बोलून दाखवायची ही पद्धत मला आजवर कळली नव्हती. "पण पंचांच्या सभेत खोल्यांचा विषय कधीपासून पडून आहे. मी एकटा कुठवर थोपवणार?"

चहा न घेता गेले. आईनं कप उचलला, चहा मोरीत ओतला. मला वाटलं आता ओरडेल. ती एक शब्द बोलली नाही. जेवली नाही. मी सगळं सांगितलं, दोन साक्षींचा घोटाळासुद्धा, तरी भिंतीकडे तोंड करून पडून राहिली. तिच्या रडण्याची मला सवय आहे. ह्या गप्प बसण्याची नाही.

खोल्या गेल्या तर ही बाई कुठे जाईल? तिचे गुडघे दुखतात, जिना चढवत नाही, आणि गावभर भाडी काय आहेत. दिपमालासाठी मी हो म्हटलं तेव्हा आईला विचारलं नव्हतं. सांग, मी काय करू? नुसतं बघत बसू नकोस.

१८ एप्रिल, उत्तम शुक्रवार

तीन तास उपासना. पाळकसाहेब पेत्र या शिष्यावर बोलले, की येशूला धरून नेल्यावर मी त्या माणसाला ओळखत नाही असं तो कसा म्हणाला. मला वाटलं माझ्याचकडे बघून बोलतायत. मग पाहिलं तर अमृतकाकाही पायाच्या बोटांकडे बघत बसलेले. बाहेर ऊन असं की चपला काढून ठेवल्या त्या परत घालवेनात. आई अजून माझ्याशी बोलत नाही.

साच्यातली साक्ष देऊन टाकावी असं मनात येतंय. नोकरी लागली, आईला घर मिळालं, देवानं सांभाळलं. सगळं खरं आहे. सगळे आमेन म्हणतील. मंगळवारी आजारी पडावं, पुढचं पुढे.

२० एप्रिल, ईस्टर

पहाटेच्या उपासनेला उठले तर आईनं माझी पांढरी साडी इस्त्री करून खाटेवर ठेवलेली. पाच दिवसांनी बोलली. "तू पाह्यं का, त्यानी सांगेल?"

"पाहिलं. ऐकलंसुद्धा."

"मंग?" म्हणाली, आणि माझ्या निऱ्या धरायला खाली बसली.

बस, एवढंच. खोल्यांचं नावही काढलं नाही. मला तिच्या पाया पडावंसं वाटलं, पण निऱ्या सुटल्या असत्या.

माझं नाव पुकारलं. पहिल्या बाकावर अमृतकाका.  ठरवलेलं काही आठवलं नाही. जे बोलले ते असं: "माझ्याकडे साक्ष नाही. मी आजारातून उठले नाही. देवानं मला हाक मारली, असंही कधी झालं नाही. मी फक्त एक गोष्ट पाहिलीय आणि ती परवा कोर्टात सांगणार आहे. ती सांगितल्यावरही मंडळीला मी चालणार असेन, तर मला बाप्तिस्मा द्या."

 ताईबाईंनी सवयीनं "आमेन" म्हटलं आणि मग घाबरून इकडेतिकडे पाहिलं. पाळकसाहेबांनी घाईघाईनं गीत सांगितलं, कुणालाच त्याचा सूर सापडेना. अमृतकाका गीत संपायच्या आत उठून गेले. बाहेर पडताना कुणी सलाम केला नाही. सुनंदाबाईंनी मात्र माझा हात धरला आणि बराच वेळ सोडला नाही. जेवण अर्थातच झालं नाही.

२२ एप्रिल, मंगळवार

सगळं लिहिते, क्रमानं.

आई माझ्याबरोबर आली. मी नको म्हणत होते. न्यायालयात पंखा गरगरत होता आणि वारा लागत नव्हता. दिपमाला, भिकुबाई, ज्ञानेश्वर एका बाकावर. दिपमालानं वेणी घातली होती, जरा वाकडी. अमृतकाका समोरच्या बाजूला, मालकाच्या वकिलाशेजारी.

कारकुनानं विचारलं, "ईश्वराची शपथ घेणार की नुसती प्रतिज्ञा?" मी म्हटलं, "ईश्वराची." त्यानं म्हटलं तसं म्हणत गेले. शिल्पाताईंनी विचारलेलं सगळं मी सांगितलं. जाळी, गाड्यांची रांग, दारातलं वाक्य. आवाज कापला नाही, याचं माझं मलाच नवल वाटलं.

मग मालकाचे वकील उठले. हसतमुख माणूस. "ताई, परवा रविवारी तुमच्या चर्चमध्ये तुम्ही सगळ्यांसमोर बोललात?"

"हो."

"'माझ्याकडे साक्ष नाही.' हे वाक्य तुमचं? हो की नाही, एवढंच सांगा."

 अमृतकाकांकडे पाहिलं. ते टेबलाकडे बघत होते. त्यांच्याशिवाय दुसरं कोण सांगणार होतं? शिल्पाताईंच्या चेहऱ्यावरचा रंग उडाला. त्यांना हे मी सांगितलंच नव्हतं. सांगायला हवं हे सुचलंच नाही.

"हो," मी म्हटलं. "पण..."

"पण नको. धन्यवाद. साहेब, साक्षीदारानं स्वतःच शंभर लोकांसमोर कबूल केलंय."

भिकुबाई ज्ञानेश्वरला विचारत होती, "काय म्हने ती? नाही म्हने?" आणि दिपमाला माझ्याकडे बघत होती. ते बघणं मी विसरणार नाही. मी गेले असं वाटलं. तिचा दुसरा हातही माझ्या बोलण्यानं गेला असं वाटलं. आता तरी ये, मनात एवढंच म्हटलं.

न्यायाधीश बाई होत्या. चष्मा काढून त्यांनी मला विचारलं, "हे काय आहे? नीट सांगा. साक्ष नाही म्हणालात, मग इथे काय देताय?"

मी सांगितलं. "मॅडम, आमच्यात साक्ष म्हणजे देवानं आपल्यासाठी काय केलं ते सगळ्यांना सांगायचं. बाप्तिस्म्याच्या आधी द्यावी लागते. मी म्हणाले ती माझ्याकडे नाही."

"म्हणजे ही वेगळी आणि ती वेगळी?"

"हो. त्याच दमात मी असंही म्हणाले, की पाहिलंय ते कोर्टात सांगणार आहे. वकीलसाहेबांनी तेवढं वाक्य सोडलं. कुणालाही विचारा. माझी आई इथे आहे."

"आणि ती देवाची साक्ष तुमच्याकडे नाही?"

हे त्यांनी का विचारलं माहीत नाही. कामाचं नव्हतं. मी म्हटलं, "रविवारी नव्हती."

"आणि जाळीची?"

"ती दहा जानेवारीपासून आहे."

मॅडमनी टायपिस्टला सगळं घ्यायला सांगितलं, रविवारचं दुसरं वाक्यसुद्धा. वकील खाली बसले.

नंतर अमृतकाकांना बोलावलं. कारकुनानं त्यांनाही तेच विचारलं. त्यांनी आधी आईकडे पाहिलं. मग म्हणाले, "प्रतिज्ञा." ईश्वराचं नाव न घेता त्यांनी प्रतिज्ञा केली आणि सांगितलं, की जाळी लावलेली होती. आवाज इतका खाली, की दोनदा विचारावं लागलं. शिल्पाताईंनी त्यांची उलटतपासणी घ्यायची होती, पण कोर्टाची वेळ संपली. पुढची तारीख सहा मे.

घरी येताना रिक्षात मी आईला म्हटलं, "शपथ वाहू नये असं बायबलात वचन आहे, म्हणून काकांनी ईश्वराचं नाव घेतलं नसेल. एवढं पाळतात आणि तरी..." आई बाहेर बघत होती. म्हणाली, "तसं नही शे ते. त्याले आजून देवनं भ्याव शे."

ऊन उतरल्यावर ती चर्च झाडायला गेली. नेहमीपेक्षा उशिरा परत आली, झाडू दाराशी टेकवला. "अमृतभाऊ तठे बठेल शे. माले इचारं, शपथ परत लेता येस का?"

"मग तू काय सांगितलंस?"

"माले कोरटनं काय कळस? कामिनीले इचारसू, सांगं."

मी शिल्पाताईंना फोन लावला. त्या म्हणाल्या, "नव्या तारखेला साक्षीदाराला नव्यानंच शपथ देतात. कोणती घ्यायची ते ज्याचं त्यानं ठरवायचं. का?"

"आईला हवं होतं," मी म्हटलं आणि फोन ठेवला.

मग मीच गेले. आत दिवे लावलेले नव्हते. अमृतकाका पहिल्या बाकावर नव्हते, शेवटच्या बाकावर बसले होते, जिथे उशिरा येणारे बसतात. मला राग होता, अजूनही आहे. पण दारातून परत फिरावंसं वाटलं नाही.

मी म्हटलं, "काका, येते घेता."

ते थोडे आत सरकले. मी बसले.